'कोरोनेशन स्ट्रीट'मधली पाच वर्षं फुकट?

जिरेमिरे: 'सॅली वेनराइटने १९९४ ते ९९ कोरोनेशन स्ट्रीटचे भाग पाडण्यात हात खराब करून घेतला,' असं कालच्या लेखात ठोकून दिलंय. सॅली म्हणजे ब्रिटिश टीव्ही मालिकांची लेखिका, कोरोनेशन स्ट्रीट ही तिथली सोप. तिच्याच 'हॅपी व्हॅली' या पोलिसी मालिकेचा (२०१४) पहिलाच प्रसंग बघा. पोरगा पेट्रोलने भिजलेला, हातात लायटर. पोलीस सार्जंट कॅथरिन आधी दुकानातून आग विझवायचं नळकांडं घेते, भुवया जळू नयेत म्हणून गॉगलही. मग त्याला स्वतःची ओळख देते: वय ४७, घटस्फोटित, बहीण हेरॉइन सोडतेय, दोन मुलांपैकी एक गेलं, दुसरं तिच्याशी बोलत नाही, एक नातू. मिनिटभरात अख्खं घर कळलं. आज नवा प्रेक्षक बसलाय हे धरून लिहायची सोपमधली सवय असल्याशिवाय हे जमत नाही.

नाक्यावरचा: याला माहितीचं पोतं ओतणं म्हणतात. डेली सोपचीच खोड.

जिरेमिरे: पोतं कधी होतं? तीच माहिती तिने बहिणीला ऐकवली असती तर. बहिणीला सगळं ठाऊकच आहे. हा पोरगा अनोळखी, त्याला बोलण्यात गुंतवायचंय.

नाक्यावरचा: आणि दुसरं पर्व २०१६, तिसरं थेट २०२३! सात वर्षं झोपा?

शेवगाशेंग: झोपा कसल्या? मधे 'जेंटलमन जॅक'ची दोन पर्वं लिहिली बाईंनी. शिवाय रायन, म्हणजे तो नातू, मोठा व्हायला हवा होता. तुरुंगातल्या बापाला भेटायचं हे त्याने स्वतः ठरवलं, तरच आजीशी भांडण उभं राहतं. नऊ-दहा वर्षांचं पोर काय ठरवणार? आणि नटही तोच, रीस कॉना. आपल्याकडे एका रात्रीत 'लीप' येतो आणि नवंच थोबाड आई म्हणून हाक मारतं.

जिरेमिरे: अगदी. म्हणूनच शेवटी टॉमी, रायनचा बाप, कॅथरिनच्या स्वयंपाकघरात स्वतःला पेटवून घेतो तेव्हा पहिला प्रसंग आठवतो.

उशिराआलेली: अहो!! मी दुसऱ्या पर्वात आहे! वर सूचना टाकायला हात झडले होते?

जिरेमिरे: ५ फेब्रुवारी २०२३ ला दाखवलंय. आणखी किती थांबायचं?

उशिराआलेली: माझं बघून होईपर्यंत. शहाणपणा नको.

शेवगाशेंग: पेटण्यापेक्षा त्याआधीची बोलाचाली मोठी. एक टेबल, दोन माणसं, पाठलाग नाही. घरातलं भांडण लांबवायचं कसब सोपमधलंच.

उशिराआलेली: अजून सांगताय!!

नाक्यावरचा: बरं, फुकट नाही गेली. पण पाच कशाला, दोन पुरली असती.