क्योटोत आईला किमोनो घालायचाय, पण ती नऊवारीतली आणि गुडघे दुखरे – कसं जमवावं?

औसा_रोड (लातूर)

नमस्कार मंडळी. एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात आई-बाबांना घेऊन जपानला जायलो आहोत. टोकियो, मग क्योटो, शेवटी ओसाका. तिकिटं, व्हिसा, हॉटेलं सगळं झालंय. अडलंय ते वेगळ्याच गोष्टीवर.

आई 66 वर्षांची आहे. औशात तिनं आयुष्यभर लोकांचे ब्लाऊज शिवले, आमची शिक्षणं त्याच मशीनवर झाली. भावानं तिला क्योटोच्या गल्ल्यांचा व्हिडिओ दाखवला. किमोनोतल्या बायका दिसल्या तशी तिनं व्हिडिओ थांबवायला लावला आणि विचारलं, "ह्याच्या काखंत जोड कुठाय? मुंढा कसा कापला असंल?" तेव्हापासून म्हणायली, एकदा तरी अंगावर घालून बघायचंय. फोटोबिटोचं तिला काही नाही. तिनं स्वतःसाठी कधी काही मागितल्याचं मला आठवत नाही, म्हणून हे नीटच व्हावं असं लई वाटतं.

अडचणी अशा. ती नऊवारी नेसते, काष्ट्यात ढांगा टाकत चालायची सवय. किमोनो पायाशी घट्ट असतो असं वाचलं. त्यात गुडघे दुखतात, आणि व्हिडिओत तर सगळीकडं पायऱ्याच दिसायल्या. मंगळसूत्र, जोडवी, काचेच्या बांगड्या, कुंकू यातलं ती काहीही काढणार नाही. शिवाय बाबांचं म्हणणं, दुसऱ्यांच्या मुलखात जाऊन त्यांचाच पोशाख घालून मिरवलं तर त्यांना राग नाही का येणार? दुकानांचे दरही कळेनात, कुठं 3,000 येन तर कुठं 10,000 च्या वर. कुणी घरातल्या मोठ्या माणसांना घेऊन हे केलंय का?

गोदाकाठची (नांदेड)

ताई, आम्ही नोव्हेंबरात सासूबाईंना घेऊन गेलो होतो. त्याही नऊवारीतल्या, रानात राबलेल्या. म्हणून सविस्तर लिहिते.

आधी तुमच्या आईंच्या प्रश्नाचं उत्तर, कारण त्यांनी नेमकं बोट ठेवलंय. बायकांच्या किमोनोला काखेत जोड नसतोच. बाही खांद्याशी वरच्या बाजूला तेवढी जोडलेली, त्याखाली बाहीही उघडी आणि कुशीची शिवणही उघडी. त्या फटीतून हात आत घालून नेसवणारी बाई कमरेवरची घडी सारखी करते. मुंढ्याची गोलाई कुठंच कापलेली नाही. साधारण 36 ते 38 सेंटिमीटर पन्ह्याचं, 12 मीटरच्या आसपास लांब असं एक ठाण घ्यायचं आणि त्याचे सरळ पट्टे पाडायचे. दोन पट्टे अंगाला, दोन बाह्यांना, पुढं दोन अरुंद कळ्या, आणि गळपट्टी. उंची जास्त झाली तर कापत नाहीत, कमरेवर दुमडून वरून ओबी, म्हणजे कापडाचा रुंद पट्टा, बांधतात. म्हणून एकच किमोनो आईला, मुलीला, नातीला चालतो. धुवायचा तर पूर्वी सगळी शिवण उसवून पट्टे वेगळे करत, धुऊन ताणून वाळवत आणि पुन्हा शिवत. हे सगळं आम्हाला नेसवणाऱ्या बाईंनी फोनवरच्या भाषांतरातून आणि प्रत्यक्ष कापड उलटून दाखवलं. सासूबाई शिवणातल्या नाहीत, तरी खिळून बसल्या होत्या. तुमच्या आई तर उठायच्याच नाहीत.

म्हणून माझा आग्रह असा की दुकान निवडताना रंग आणि फुलं बघू नका, नेसवायला किती वेळ देतात ते बघा. स्वस्त प्लॅनमध्ये एका खोलीत आरशांची रांग असते, वीस-तीस मिनिटांत तयार करून बाहेर काढतात. पोरींचं काम चोख असतं, पण मागं रांग उभी असते, त्यांना थांबून दाखवायला सवड नाही. 3,000 ते 6,000 येनमध्ये बहुतेक पॉलिएस्टरच मिळतं. वरच्या दरात रेशीम आणि एका गिऱ्हाइकामागं एक बाई. बुक करतानाच इंग्रजीत लिहून टाका की आई शिंपीकाम करते, तिला शिवण आतून बघायची आहे. आम्ही फक्त सासूबाईंचा गुडघा कळवला होता, तर त्यांनी बसायला उंच स्टूल तयार ठेवलं.

आता चालणं. पाऊल निम्मं होतं हे खरं. काष्ट्यात पाय मोकळे असतात, इथं कापड समोरून एकावर एक येऊन घोट्यापर्यंत गुंडाळलेलं. नेसवतानाच सांगा की खालचा घेर थोडा सैल ठेवा आणि घोट्याच्या किंचित वर घ्या. पायरी आली की उजव्या हातानं पुढचं टोक जरा उचलायचं. पण मी म्हणते, त्या दिवशी पायऱ्या घ्यायच्याच कशाला? सगळे जण किमोनो घालून कियोमिझू-देराला जातात. तो चढ, वर निनेनझाका-सान्नेनझाकाच्या दगडी पायऱ्या, आणि ही गर्दी. ते मंदिर दुसऱ्या दिवशी नऊवारीत बघा. 1633 साली पुन्हा बांधलेला तो लाकडी सज्जा 13 मीटर उंच आहे, तिथं मोकळ्या पायांनी उभं राहण्यात मजा आहे.

किमोनोच्या दिवशी क्योटोच्या गिओन या जुन्या भागातलं दुकान धरा. हानामिकोजी रस्ता सपाट आहे आणि त्याच्याच टोकाला केन्निन-जी मंदिर, 1202 सालचं. आत बसायला जागा, बाग, आणि एका दालनाच्या छतावर दोन ड्रॅगनचं भलंमोठं चित्र. मंदिराला 800 वर्षं झाली तेव्हा, 2002 मध्ये, ते बसवलं. सासूबाई बागेसमोर कितीतरी वेळ बसून राहिल्या, आम्हीही उठवलं नाही. जवळच शिराकावाचा कालवा आहे, तोही सपाट. एवढ्यात दिवस भरतो, कारण बहुतेक दुकानांत पाच-सहाच्या आत कपडे परत द्यायचे असतात.

मंगळसूत्र गळपट्टीच्या आत जातं. कुंकवाला कुणी काही म्हणालं नाही. काचेच्या बांगड्या रेशमाला अडकतात, म्हणून त्यांनी मनगटावर मऊ पट्टी गुंडाळून दिली, बाही लांब असल्यानं दिसतही नाही. खरी अडचण जोडव्यांची. टॅबी म्हणजे अंगठा वेगळा असलेला मोजा, आणि झोरी चपलेचा पट्टा अंगठा आणि शेजारच्या बोटाच्या मधोमध येतो. जाड जोडवं तिथंच रुततं. घरूनच बारीक, चपटी जोडवी घालून निघा. बाकी अंगठ्याच्या चपलेची सवय असलेल्या पायांना झोरीचा काहीच त्रास नाही.

ओबी छातीखाली आवळतात, त्यामुळं आधी पोटभर जेवू नये. श्वास लागला तर लगेच बोलायचं, सैल करून देतात. आणि बाथरूमला दुकानातूनच जाऊन निघा. बाहेर लागलंच तर पाश्चात्त्य पद्धतीचं शोधा, बाह्या ओबीत खोचायच्या आणि खालचे पदर एकेक करून वर घ्यायचे. सोबत तुम्ही जा.

एप्रिलमध्ये लातूरला 40 असेल, तिथं सकाळी 10 अंशांच्या आसपास. आतून गरम बनियन घाला, पण मागून खोल गळ्याची, कारण गळपट्टी मानेपासून मागं ओढलेली असते.

पैठण_पेठ (पैठण)

वरच्या ताईंनी बाकी सगळं लिहिलंय, मी कापडाचं लिहितो. आमच्या घरात पैठणीचे माग आहेत.

आईंना ओबी हातात घेऊन बघायला सांगा. क्योटोच्या निशिजिन भागात ओबी विणतात, त्यातला त्सुझुरे नावाचा प्रकार आपल्या पदरासारखाच चालतो. बाणा, म्हणजे आडवा धागा, या काठापासून त्या काठापर्यंत सरळ जात नाही. मोराच्या गळ्याचा निळा धागा गळ्यापुरताच जातो आणि मागं फिरतो, शेजारचा रंग त्याला येऊन भेटतो. आम्ही प्रत्येक रंगाची कांडी वेगळी खेळवतो. तिकडचे विणकर नखांना करवतीसारखे दाते पाडतात आणि त्या नखांनी बाणा ओढून बसवतात. दिवसाकाठी फार थोडं कापड होतं, तिथंही आणि इथंही. हजारो कोस लांब दोन गावांनी एकच अवघड वाट धरली, याचं मला फार अप्रूप आहे.

निशिजिननं 1872 मध्ये माणसं फ्रान्सला, लियोंला पाठवून जकार्ड माग, म्हणजे भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांवरून नक्षी विणणारा माग, शिकून आणला. त्यामुळं दुकानात मिळणारी ओबी बहुधा यंत्रमागाची असेल. हाताचं काम बघायचं तर होरिकावा-इमादेगावा चौकाजवळ निशिजिन टेक्स्टाइल सेंटर आहे, तिथं जा. जमलं तर आईंसोबत पैठणीचा एखादा तुकडा द्या. विणकराला तो उलटा करून दाखवा, पुढचं बोलणं त्या दोघांचं ते बघून घेतील.

परभणी_ते_ओसाका

काकांच्या शंकेबद्दल लिहितो, मी इथं नोकरीला आहे. निर्धास्त या. भाड्याची दुकानं इथल्याच लोकांची आहेत, आणि किमोनोतली वयस्कर परदेशी बाई दिसली की आज्ज्या थांबून कौतुक करतात, गळपट्टी सरळसुद्धा करून देतात. 2015 मध्ये बोस्टनच्या संग्रहालयात मोने या फ्रेंच चित्रकाराच्या चित्रासमोर प्रेक्षकांना किमोनो घालू देत होते, त्यावर तिथं निदर्शनं झाली. तेव्हा काही जपानी बायका स्वतः किमोनो घालून, लोकांना घालू द्या म्हणत पुढं आल्या. राग आला तो 2019 मध्ये, किम कार्दाशियन या अमेरिकन टीव्ही तारकेनं अंतर्वस्त्रांच्या ब्रँडला 'किमोनो' नाव दिलं तेव्हा. क्योटोच्या महापौरांनी पत्र लिहिलं आणि तिनं नाव बदललं. कपडा घालणं वेगळं आणि त्याचं नाव बळकावणं वेगळं, हा फरक इथल्या लोकांना पक्का कळतो.

पाळायचं ते एवढंच. डावी बाजू नेहमी उजवीच्या वर येते, बाईची असो वा पुरुषाची. उलट फक्त मृताला घालतात. दुकानात बरोबरच नेसवतील, पण दुपारी सैल झालं म्हणून स्वतः आवरताना लक्षात ठेवा. दुसरं, हानामिकोजीच्या मुख्य रस्त्यावर खुशाल फिरा, पण बाजूच्या खासगी गल्ल्या 2024 पासून पर्यटकांना बंद आहेत. 10,000 येन दंडाची पाटी आहे. माइको, म्हणजे गेइशाचं शिक्षण घेणाऱ्या मुली, दिसल्या तर वाट अडवून फोटो काढू नका.

आणि काकांनाही घालायला लावा. पुरुषांची ओबी कमरेखाली बसते, आवळत नाही, आणि थोडं पोट असलं तर उलट जास्त शोभतं.

औसा_रोड (लातूर)

सगळ्यांचे मनापासून आभार. आईला हे सगळं मोठ्यानं वाचून दाखवलं. काखेची फट ऐकून तिनं लगेच वहीत आकृती काढली, आणि आता तिला उसवता येईल असा एक किमोनो विकत पाहिजे! भाड्याचा उसवता येणार नाही हे तिला पटलंय. नव्याच्या किमती बघून मात्र घाम फुटला. बाबा अजून "बघू" म्हणायलेत. जुने किमोनो कुठं मिळतात का?

गोदाकाठची (नांदेड)

मिळतात, आणि तुमच्या तारखा अगदी बरोबर आहेत. दर महिन्याच्या 21 तारखेला तोजी मंदिरात बाजार भरतो आणि 25 ला कितानो तेनमानगू या देवस्थानात. दोन्हीकडं जुन्या किमोनोंचे ढीग असतात, साधे तर हजार येनच्या आतही मिळून जातात. आईंना हाताची शिवण असलेला बघू द्या, त्यांना टाका बघताच कळेल. गळपट्टी आणि बाहीची कड यांवरचे डाग तपासा, बुरशीचा वास असेल तर घेऊ नका. अस्तराचा घेतला तर आतली रचनाही कळेल. गुडघ्यांचा विचार करता तोजीच बरं. क्योटो स्टेशनपासून चालत पंधरा मिनिटं, पायऱ्या नाहीत, सगळं अंगण सपाट. सकाळी लवकर पोचा, दुपारनंतर विक्रेते आवरायला लागतात.