मदत हवी आहे: पोटमाळ्याच्या झरोक्यांतून कबुतरं आत येतात, जाळी कोणती लावू?

गिरगावातल्या जुन्या चाळीत वरच्या मजल्यावर राहतो. वर मंगलोरी कौलं, त्याखाली पोटमाळा. माळ्याला हवेसाठी चार झरोके आहेत, साधारण फूटभर लांब-रुंद. त्यांच्या लाकडी पट्ट्या कुजून पडल्या आणि कबुतरांचं फावलं. गणपतीच्या मखराचं सामान काढायला वर गेलो, तर सगळं विष्ठेनं माखलेलं.

पहाटेपासून चालणारं घुमणं एक वेळ सोसू, पण आईला दमा आहे. फळ्यांच्या फटींतून ती धूळ खाली येते. अशी धूळ वर्षानुवर्षं श्वासात गेली तर फुप्फुसं कायमची निकामी होऊ शकतात, असं डॉक्टरांनी बजावलंय.

मच्छरदाणीची जाळी ठोकून पाहिली, आठवड्यात फाटली. शेजारचे काका म्हणतात, पत्रा मारून टाक. पण मग पावसाळ्यात वाशांना वारा कुठून लागणार? बुरशी धरेल. आणि एका झरोक्यात दोन पिल्लं आहेत, अंगावर अजून पिवळी लव. त्यांना कोंडून मारणं माझ्याच्यानं होणार नाही. काय करू?

प्रतिसाद:
पत्रा अजिबात नको. अर्ध्या इंच चौकोनाची स्टीलची वेल्ड जाळी घ्या, ३०४ ग्रेड मागा. समुद्राच्या हवेत साधी जीआय (जस्ताचा मुलामा दिलेली लोखंडी) जाळी लवकर गंजते. नागदेवी स्ट्रीटच्या हार्डवेअर बाजारात चौकशी करा. लाकडी चौकटीवर ताणून, स्टीलच्याच स्क्रूंनी बाहेरच्या अंगाला सपाट बसवा, म्हणजे कबुतराला टेकायला कड उरत नाही. आतून लावलीत तर कोनाडा उरतो आणि तिथेच पुन्हा काड्या जमतात.

तीन झरोके आजच बंद करा, मात्र आधी माळ्यावर कुणी अडकलेलं नाही ना, ते कोपरान् कोपरा बघून घ्या. पिल्लं साधारण चार-पाच आठवड्यांची झाली की उडतात. तोवर चौथा उघडा ठेवा, पण रोज डोकवा. आधीची पिल्लं जायच्या आतच मादी पुन्हा अंडी घालते, आणि मग हे चक्र संपत नाही.

विष्ठा कोरडी झाडू नका! पाणी फवारून भिजवा, एन-९५ मास्क आणि हातमोजे घालून खरवडा. त्या दिवशी आईंना नातेवाईकांकडे पाठवा.

धागाकर्ता:
मनापासून आभार. शनिवारी सुताराला बोलावलंय. पिल्लांचा झरोका शेवटी.