डेपेश मोड: वाइल्डर गेला आणि नादच गेला?

धागाकर्ता: डेपेश मोड या ब्रिटिश इलेक्ट्रॉनिक पॉप बँडचे अल्बम क्रमाने ऐकून काढले, १९८१च्या 'स्पीक अँड स्पेल'पासून २०२३च्या 'मेमेंटो मोरी'पर्यंत. माझं मत आता पक्कं आहे: १९९५ मध्ये कीबोर्डवादक ॲलन वाइल्डरने बँड सोडला आणि त्यांच्या नादातला जीव गेला. पहिल्या अल्बममधली बहुतेक गाणी बँडच्या संस्थापकांपैकी एक असलेल्या व्हिन्स क्लार्कची, गोड, उड्या मारणारी. तो लगेच बाहेर पडला, बँडमधलाच मार्टिन गोर गाणी लिहू लागला. पण त्या गाण्यांना अंग आलं ते वाइल्डरमुळे. 'कन्स्ट्रक्शन टाइम अगेन'मध्ये (१९८३) लोखंड बडवून ते आवाज सॅम्पलरमध्ये (आवाज साठवून सुरांत वाजवणाऱ्या यंत्रात) भरले आणि त्यातून ताल उभा केला. 'एन्जॉय द सायलेन्स' तर गोरने हार्मोनियमवरचं संथ गाणं म्हणून आणलं होतं, लय वाढवायला लावली वाइल्डरने! पुढच्या अल्बमांत असा हट्ट धरणारं कुणी दिसत नाही.

प्रतिसाद १: साफ असहमत. 'व्हायोलेटर'चं (१९९०) सगळं श्रेय वाइल्डरला देताना निर्माता फ्लड कुठे गेला? आणि 'अल्ट्रा' (१९९७) शांतपणे ऐका. १९९६ मध्ये बँडचा गायक डेव्ह गहान ड्रग्जच्या अतिसेवनाने मरता मरता वाचला होता. त्या अल्बममध्ये त्याचा आवाज खरवडलेला, थकलेला येतो, आणि निर्माता टिम सिमेननने त्याभोवती मोकळी जागा ठेवलीय. तिथे थरांवर थर चढवले असते तर तो आवाज गुदमरला असता.

धागाकर्ता: फ्लडचा मुद्दा मान्य, तो राहिलाच. 'अल्ट्रा'ही आवडतो. पण 'एक्सायटर'मध्ये (२००१) तीच मोकळी जागा मला रिकामी वाटते. गाणी सुरू होतात आणि कुठेच पोचत नाहीत.

प्रतिसाद २: मला तर वळण आधीच चुकलेलं वाटतं. 'ब्लॅक सेलिब्रेशन'चा (१९८६) काळोख निव्वळ यंत्रांतून आला होता, हीच त्यांची खासियत. 'साँग्ज ऑफ फेथ अँड डिव्होशन'मध्ये (१९९३) गिटार पुढे आली, गॉस्पेलचा (चर्चमधल्या भक्तिगीतांच्या ढंगाचा) कोरस आला आणि खरे ड्रम वाजले. वाजवले कुणी? वाइल्डरनेच! म्हणजे जुना नाद सोडण्यात तोही होता.

प्रतिसाद १: अगदी हेच! प्रत्येक अल्बमला मागचा मोडायचा ही त्यांची जुनी खोड. वाइल्डर नसतानाही ती टिकली, 'प्लेइंग द एंजल'ची (२००५) किंचाळणारी सुरुवात ऐका.

धागाकर्ता: ड्रमच्या मुद्द्यावर मी अडकलो खरा. आज रात्री १९९३ आणि १९९७चे दोन्ही लागोपाठ ऐकतो, हेडफोनवर, मग लिहितो.