प्रतिसाद: एकहाती सिनेमा आणि रीमा दास

लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन सगळं एकाच व्यक्तीने केलं की सिनेमा हौशी वाटतो, या मताशी मी अजिबात सहमत नाही. आसामी दिग्दर्शक रीमा दास यांचं काम बघा. त्या मुंबईत आल्या होत्या अभिनेत्री व्हायला. चित्रपटाचं रीतसर शिक्षण नाही, सगळं स्वतःच शिकल्या. मग कॅमेरा घेऊन आसाममधल्या आपल्या छयगांवला परतल्या आणि गावातल्याच मुलांना घेऊन 'व्हिलेज रॉकस्टार्स' (२०१७) हा सिनेमा केला, लेखनापासून संकलनापर्यंत सगळं स्वतःच.

मोठं युनिट नाही, दिवे नाहीत, त्यामुळे घाईही नाही. पाऊस, पूर, मोसमाचा उजेड यांची वाट बघत काही वर्षं चित्रीकरण चाललं. गिटारचं स्वप्न बघणारी सिनेमातली मुलगी धुनू कॅमेऱ्यासमोर इतकी मोकळी वावरते, त्याचं कारण मला हेच वाटतं. समोर शंभर माणसांचा ताफा असता तर ती मुलं बिचकलीच असती!

आणि राष्ट्रीय पुरस्कार फक्त सर्वोत्कृष्ट चित्रपटाचाच नाही, संकलनाचाही रीमा यांनाच मिळाला. ध्वनिमुद्रणाचा त्यांच्या नात्यातल्या मल्लिका दास यांना, बालकलाकाराचा धुनू झालेल्या भनिता दासला. यात हौशी काय आहे?

पुढचा 'बुलबुल कॅन सिंग' मला त्याहून जास्त आवडतो. पौगंडावस्थेतली मैत्री, गावाची नैतिक पहारेदारी, सगळं फार धीटपणे आलंय. दोन्ही बघायचे असतील तर आधी 'रॉकस्टार्स' बघा.