सर्जिऊ निकोलाएस्कू यांच्या ऐतिहासिक चित्रपटांचे मोल कसे ठरवावे?

शिलालेख (धागाकर्ता):

रुमानियाचे दिग्दर्शक सर्जिऊ निकोलाएस्कू (१९३०–२०१३) यांचा विषय निघाला की अनेक समीक्षक त्यांना रुमानियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कू याच्या राजवटीचे दरबारी दिग्दर्शक म्हणतात आणि चर्चा तिथेच संपवतात. हा निवाडा मला अपुरा वाटतो आणि काही अंशी अन्यायाचाही वाटतो, म्हणून त्यावर येथे मते मागवत आहे.

निकोलाएस्कू मूळचे तारगू जिऊ या गावचे आणि शिक्षणाने अभियंता होते. चित्रपटाचे रीतसर शिक्षण न घेता, कॅमेऱ्याच्या तांत्रिक करामती आणि लघुपट यांच्या वाटेने ते दिग्दर्शनाकडे आले. १९६७ मध्ये फ्रान्सच्या सहकार्याने त्यांनी 'दाची' हा चित्रपट केला. रोमन सम्राट डोमिशियनची फौज आणि आजच्या रुमानियाच्या भूमीत राहणारे डेसिबालस राजाचे दाचियन लोक यांच्यातील संघर्षाची ही कथा आहे. झाल्मोक्सिस देवाकडे दूत पाठवण्यासाठी एका माणसाला भाल्यांच्या टोकांवर फेकण्याची जी प्रथा ग्रीक इतिहासकार हेरोडोटसने नोंदवून ठेवली आहे, ती या चित्रपटात युद्धापूर्वी राजाच्या स्वतःच्या मुलावर येऊन पडते. निव्वळ साहसपट करणाऱ्याने हा प्रसंग पुढच्या लढाईची पूर्वतयारी म्हणून झटपट उरकला असता. निकोलाएस्कू मात्र तेथे थांबतात आणि बापाच्या चेहऱ्याकडे बघत राहतात.

पुढचा 'मिहाई विटेआझूल' (१९७१) हा त्यांचा सर्वांत मोठा चित्रपट. आजच्या रुमानियातील वालाकियाचा राजा मिहाई याने १५९५ मध्ये कालुगारेनी येथे सिनान पाशाच्या कितीतरी मोठ्या ओस्मानी फौजेला अशा चिंचोळ्या, दलदलीच्या जागी गाठले की संख्याबळाचा फायदा घेणे तिला अवघड व्हावे. ही लढाई पाहताना पूल कोठे आहे, दलदल कोठे सुरू होते आणि कोणती तुकडी कोणाच्या वाटेत उभी आहे, हे प्रेक्षकाला सतत कळत राहते. हजारो माणसे पडद्यावर असताना भूगोल हरवू न देणे हे दिग्दर्शनाचे फार अवघड काम आहे, आणि अभियंत्याची नजर त्यांना येथेच उपयोगी पडली, असे माझे मत आहे. शिवाय मिहाईचा जुना मित्र असलेल्या सलीम पाशाची भूमिका निकोलाएस्कू यांनी स्वतः केली. शत्रूच्या छावणीतील सर्वांत सुसंस्कृत माणूस दिग्दर्शकाने आपल्यासाठी राखून ठेवावा, ही गोष्ट प्रचारपटाच्या व्याख्येत सहज बसत नाही.

परखड:

आपण कालुगारेनीच्या रचनेचे जे वर्णन केले आहे त्याच्याशी मी सहमत आहे; पण ती हजारो माणसे आली कोठून, हा प्रश्न आपण विचारलाच नाही. ते रुमानियन सैन्याचे जवान होते, आणि कोणते सरकार कोणत्या दिग्दर्शकाला आपले सैन्य चित्रीकरणासाठी देते, याचे उत्तर काळाकडे पाहिले की मिळते. ऑगस्ट १९६८ मध्ये चाउशेस्कूने चेकोस्लोव्हाकियावरील सोव्हिएत आक्रमणाचा जाहीर निषेध केला आणि त्याची लोकप्रियता शिगेला पोहोचली. बलाढ्य साम्राज्यापुढे न झुकणारा एकटा नेता, ही प्रतिमा राजवटीला त्याच वेळी हवी होती, आणि डेसिबालस काय किंवा मिहाई काय, दोघेही त्या साच्यात नेमके बसत होते.

इतिहासाचेही पाहू. १६०० मध्ये वालाकिया, ट्रान्सिल्व्हेनिया आणि मोल्दाविया हे तीन प्रदेश मिहाईच्या ताब्यात आले हे खरे, परंतु ती अवस्था काही महिनेच टिकली. त्यामागे राष्ट्रैक्याची जाणीव होती, हा अर्थ प्रामुख्याने एकोणिसाव्या शतकात निकोलाए बाल्चेस्कू यांच्यासारख्या लेखकांनी लावला, आणि लुचियान बोइया यांच्यासारख्या इतिहासकारांनी पुढे त्याची परखड चिकित्सा केली. याच मिहाईच्या कारकिर्दीत शेतकरी कुळे जमीनदाराच्या जमिनीला कायमची बांधली गेली. चित्रपटाचा दुसरा भाग मात्र 'एकीकरण' हेच नाव घेऊन उभा राहतो.

त्याच वर्षांत लुचियान पिंतिलिए यांच्या 'रेकोन्स्तितुइरेआ' या चित्रपटाचे काय झाले, तेही लक्षात घ्यावे. दोन तरुणांकडून त्यांचेच भांडण कॅमेऱ्यासमोर पुन्हा करून घेणाऱ्या सरकारी यंत्रणेची ती साधी, भेदक गोष्ट होती, आणि चित्रपट प्रदर्शित होऊन थोड्याच काळात पडद्यावरून काढून घेण्यात आला. सैन्य कोणाला मिळाले आणि पडदा कोणाला नाकारला गेला, हे बाजूला ठेवून केवळ रचनेचे कौतुक करणे मला पटत नाही.

शिलालेख:

साधने राज्याची होती, याविषयी वाद नाही. वाद एवढाच आहे की साधने राज्याची असल्यामुळे चित्रपटातील प्रत्येक अर्थही राज्याचाच होतो का. 'मिहाई विटेआझूल'चा शेवट विजयात होत नाही. ज्या हाब्सबुर्ग सम्राटाच्या बाजूने मिहाई लढला, त्याच्याच सेनापतीच्या, म्हणजे बास्ताच्या, माणसांकडून १६०१ मध्ये तो मारला जातो. या चित्रपटानंतर तीन वर्षांनी आलेल्या त्यांच्याच 'नेमुरितोरी'मध्ये तर मिहाई जिवंतच नाही. परदेशात विखुरलेले त्याचे मूठभर सैनिक त्याचा झेंडा घेऊन मायदेशाकडे निघतात, आणि ज्या राजासाठी त्यांनी शपथ घेतली तो राजा आणि त्याचे राज्य या दोन्ही गोष्टी मागे राहून गेलेल्या असतात. विजयी नेत्याची प्रतिमा हवी असलेल्या राजवटीने हा चित्रपट मागवला असेल, असे मानणे मला कठीण जाते. एकीकरणाच्या अर्थाबाबत आपण म्हणता ते बरोबर आहे, पण तो अर्थ चाउशेस्कूच्या कितीतरी आधीपासून शाळेच्या पुस्तकांत आणि लोकांच्या मनांत होता. दिग्दर्शकाने प्रेक्षकांच्या मनातला मिहाई पडद्यावर आणला.

दीपमाळ:

दोन्ही बाजू मोठ्या युद्धपटांभोवतीच फिरत आहेत, म्हणून वेगळा मुद्दा मांडते. निकोलाएस्कू यांचा सर्वांत चांगला चित्रपट माझ्या मते 'तेव्हा मी सर्वांना मृत्युदंड ठोठावला' (१९७२) हा आहे, आणि त्यात फौजांची धुमश्चक्री नाही. दुसऱ्या महायुद्धातील एका खेड्यात जर्मन सैनिकाचा खून होतो. गुन्हेगार हाती दिला नाही तर गावातील प्रतिष्ठितांना ठार केले जाईल, अशी धमकी मिळते. मग ही प्रतिष्ठित मंडळी गावातल्या इपू नावाच्या भोळसट, अर्धवट समजल्या जाणाऱ्या माणसाला गाठतात आणि कुटुंबाची सोय आणि थाटामाटाची अंत्ययात्रा यांचे आमिष दाखवून त्याने गुन्हा अंगावर घ्यावा म्हणून त्याची मनधरणी करतात. इपूची भूमिका अम्झा पेल्या यांनी केली आहे, म्हणजे ज्यांनी डेसिबालस आणि मिहाई साकारले त्याच नटाने. सिंहासनावर बसलेल्या पेल्यांपेक्षा टेबलापाशी बसून आपल्या मरणाचा सौदा ऐकणारे पेल्या मला कितीतरी थोर वाटतात. पटकथाही 'मिहाई'च्या लेखकाची, तितुस पोपोविच यांचीच आहे. तोच लेखक, तोच नट आणि तोच दिग्दर्शक मोजक्या माणसांत आणि एका खेड्यात एवढे खोल जाऊ शकतात, तर फौजा दिमतीला असताना त्यांनी राजाच्या मनात तितके खोलवर का पाहिले नाही, हा प्रश्न मला प्रचाराच्या प्रश्नाहून महत्त्वाचा वाटतो. साधनांची विपुलता हीच त्यांच्या प्रतिभेची मर्यादा ठरली, असे मी म्हणेन.

त्यांचे पोलीसपटही विसरू नयेत. 'कु म्युनिले कुराते' (१९७२) मध्ये त्यांनी स्वतः साकारलेला कमिशनर मिक्लोवान शेवटी मारला जातो. तरीही प्रेक्षकांना तो इतका आवडला की पुढील चित्रपटांत जवळपास तसाच कमिशनर मोल्दोवान या नावाने परत आला. ही लोकप्रियता कोणत्याही सरकारी आदेशाने मिळत नाही.

परखड:

लोकप्रियता मला मान्य आहे. परंतु राजवट गेल्यानंतरच्या कारकिर्दीचे काय? डिसेंबर १९८९ च्या क्रांतीत निकोलाएस्कू पुढाऱ्यांमध्ये दिसले, १९९२ पासून ते सिनेटचे सदस्य झाले, आणि आता त्यांच्यावर पक्षाचा कोणताही सेन्सॉर उरला नव्हता. तेव्हा १९९४ मध्ये त्यांनी 'ओग्लिंदा' केला, ज्यात दुसऱ्या महायुद्धातील रुमानियाचा हुकूमशहा आणि हिटलरचा मित्र असलेला मार्शल आंतोनेस्कू हा देशासाठी झिजलेला शोकांत नायक म्हणून समोर येतो. रुमानियाच्या राज्याने नेमलेल्या, एली वीझेल यांच्या अध्यक्षतेखालील आयोगाने २००४ मध्ये असा निष्कर्ष काढला की रुमानियाच्या ताब्यातील प्रदेशांत २,८०,००० ते ३,८०,००० ज्यू मारले गेले. त्या प्रदेशांवर सत्ता आंतोनेस्कूची होती. थोर पुरुष, त्याचा विश्वासघात आणि त्याचे बलिदान हा 'मिहाई'चा आराखडा येथे जसाच्या तसा वापरला आहे. म्हणून माझे म्हणणे असे, की हा दृष्टिकोन राजवटीने त्यांच्यावर लादलेला नव्हता, तो त्यांचा स्वतःचाच होता, आणि राजवटीशी त्यांचे जमले ते त्यामुळेच.

शिलालेख:

'ओग्लिंदा'चे समर्थन मी करणार नाही. बळींना जेथे जागाच उरत नाही अशा चित्रपटात कौशल्य असले तरी ते मोजण्याची इच्छा होत नाही. दृष्टिकोन त्यांचा स्वतःचा होता, हे आपले निरीक्षणही मला योग्य वाटते. मात्र त्यातूनच 'दरबारी' हे विशेषण गळून पडते, कारण दरबारी माणूस मालकाचे मत मांडतो, आणि येथे आपण स्वतःच म्हणता की मत दिग्दर्शकाचे होते.

दीपमाळ यांच्या प्रश्नाला उत्तर देण्यापूर्वी 'पेंत्रू पात्रिए' (१९७७) हा चित्रपट विचारात घ्यावा, असे सुचवतो. तो ओस्मानी साम्राज्याविरुद्धच्या १८७७ च्या स्वातंत्र्ययुद्धाच्या शताब्दीनिमित्त, म्हणजे अगदी सरकारी प्रसंगासाठी तयार झाला. तरीही प्लेव्हनाजवळच्या ग्रिवित्सा येथील तटबंदीवर रुमानियन पायदळ चालून जाते आणि पडते, त्या भागात मला राजा किंवा सेनापती आठवत नाही. आठवतात ती चढावर धावणारी साधी माणसे. विपुल साधनांनी निकोलाएस्कू यांना राजाच्या मनापर्यंत नेले नसेल, पण शिपायापर्यंत नेले, असे मला त्या दृश्यांवरून वाटते. दीपमाळ आणि परखड यांनी निदान तेवढा भाग पाहून आपले मत येथे नोंदवावे.