रोजचं लुगडं कुठे गेलं? गावाकडच्या साध्या कपड्यांच्या आठवणी लिहा

देपालपूरची नात

मागच्या महिन्यात इंदूरच्या लोकमान्यनगरच्या घरातली आजीची पत्र्याची ट्रंक उघडली. वर शालू, खाली दोन महेश्वरी साड्या, आजोबांचं जरीकाठी उपरणं, बस. आजोबा देपालपूरकडे एका गावात मास्तर होते आणि आजी तिथे चाळीसेक वर्षं राहिली. रोज ती जी जाडीभरडी लुगडी नेसायची, ज्यात सारवलं, ज्वारी पाखडली, विहिरीवरून पाणी आणलं, त्यातलं एकही नाही. जे दोनदा नेसलं ते राहिलं आणि जे जन्मभर अंगावर होतं त्याचं सूतही नाही. म्युझियममध्येही पैठण्या आणि अंगरखेच असतात, शेतकऱ्याची बंडी मी कुठे पाहिली नाही.

आईला विचारलं तेव्हा कळलं की ती लुगडी हरवली नाहीत, वापरून संपली. नवं लुगडं आधी परगावी जाताना, मग देवळात, मग घरात, मग परसात. मधे विरलं की मधोमध फाडायचं आणि कडेचे धड भाग आत घेऊन जोडायचं, याला दंड घालणं म्हणत. दंडाचं लुगडं अजून दोन वर्षं जायचं. मग त्याचे परकर, मग बाळाची दुपटी आणि लंगोट (तान्ह्या बाळाला नवं कापड टोचतं म्हणून जुनंच हवं), मग गोधडी, मग पोतेरं, आणि स्वच्छ तुकडा उरला तर देवाच्या वाती.

तर लिहा. लग्नातले कपडे नकोत, रोजचे. कुठून यायचे, कसे धुवायचे, फाटल्यावर काय व्हायचं.

मिलवाल्याचा मुलगा

आम्ही परदेशीपुऱ्यातले, वडील मिलच्या साचाखात्यात, म्हणजे मागावर. इंदूर म्हटलं की लोकांना राजवाडा नि सराफा आठवतो पण माळव्यातल्या गावांना कापड पुरवणारं हे शहर होतं. होळकर संस्थानाची पहिली मिल तुकोजीराव दुसऱ्यांच्या काळात, एकोणिसाव्या शतकातच निघाली, पुढे मालवा, हुकुमचंद, राजकुमार, कल्याण, स्वदेशी. वडील सांगायचे की बारीक सुताचा माल थोडा, जास्त खप जाड्या धोतरजोडीचा. जोडी म्हणजे एकाच लांबीत दोन धोतरं सलग विणलेली, मधे आडवी पट्टी सोडलेली, तिथून टर्रकन फाडायचं. ताग्यावर रंगीत चित्राचं तिकीट चिकटवलेलं असायचं, देव, हत्ती असं काही, आणि वाचता न येणारा माणूसही दुकानात येऊन ते चित्रच मागायचा. वडिलांचे गावाकडचे चुलते तसंच मागायचे, भाव नंतर विचारायचे.

घरात आमच्या सगळं डागी माल. विणताना धागा सुटलेला, तेलाचा डाग पडलेला, तो कामगारांना स्वस्तात मिळायचा, त्याचेच आमचे सदरे. आई डाग बरोबर बगलेत किंवा कॉलरच्या आत येईल असं बेतायची. ती शिंपीण नव्हती पण असं बेतणं मी नंतर कुणाकडे पाहिलं नाही.

कुक्षी ते इंदूर

वडील पोस्टात, बदली कुक्षीला, त्यामुळे माझं लहानपण भिल्ल-भिलाल्यांच्या आठवडी हाटात गेलं. तिथे कपडा वाचता यायचा. घागऱ्यावरची छपाई बघून बायका सांगायच्या ही कुठल्या समाजाची. जवळच बाग गाव, तिथले खत्री लोक हे कापड छापायचे, आज शहरात जे बाग प्रिंट म्हणून बेडशीट आणि ड्रेस मटेरियल मिळतं ते मुळात या बायकांचं रोजचं वापरायचं कापड होतं, हे इंदुरात कितीतरी लोकांना माहीत नसतं.

एकदा वडिलांबरोबर बघायला गेले होते. कोरं कापड खडं मीठ, एरंडेल आणि शेळीच्या लेंड्या घातलेल्या पाण्यात भिजवून मळतात, सुकवतात, परत भिजवतात. मग हिरड्याचं पाणी दिलं की कापड पिवळसर होतं. छापताना लालसाठी तुरटी आणि चिंचोक्याची खळ, काळ्यासाठी गंजकं लोखंड आणि गूळ कुजवून केलेलं पाणी. छापल्यावर रंग दिसतच नाही नीट! नदीत वाहत्या पाण्यात धुऊन तांब्याच्या मोठ्या कढईत अलिझरीन (लाल रंग देणारं रसायन) आणि धावडीच्या फुलांबरोबर उकळलं की मग तो लाल उमटतो. नदी बाघिनी, तिच्या पाण्याने रंग खुलतो म्हणतात.

आणि नीमचकडच्या तारापूरचा नांदणा, निळीतला, जाड कापड, त्यावर मिरची, आंबा असे बुट्टे. तोही भिल्ल बायकांच्या घागऱ्याचा. मग पॉलिएस्टर आलं, स्वस्त, धुतलं की लगेच वाळतं, रंग जात नाही. बायकांनी ते घेतलं आणि त्यात त्यांचं काही चुकलं नाही, दिवसभर मजुरी करून कोण घागरा तासभर आपटणार. पण कपडा वाचता येणं मात्र संपलं.

जुना मास्तर

वर लालाचा विषय निघालाय म्हणून. अलिझरीनच्या आधी तो लाल आल नावाच्या झाडाच्या मुळांपासून निघायचा. माळव्यात या आलाची शेती होती, मुळं तयार व्हायला दोन-तीन वर्षं लागायची. त्यात रंगवलेला जाड लाल खारवा म्हणजे वाण्याच्या चोपडीचं कव्हर. १८६९ च्या सुमारास युरोपात अलिझरीन रासायनिक पद्धतीने बनायला लागलं आणि पुढच्या काही वर्षांत ती शेती बसली.

माझा जन्म १९३६ चा, महूजवळच्या गावात. आठवतं ते कंट्रोलचं कापड. लढाईत, १९४३ ला, कापडावर कंट्रोल आला, आमच्याकडे ते कार्डावर मिळायचं, मांजरपाट, धुतल्यावर चार बोटं आटणारा. एका तुकड्यात वडिलांचा सदरा आणि आम्हा तिघा भावांच्या चड्ड्या. शाळेत जायच्या वयापर्यंत पोरं नुसत्या सदऱ्यात हिंडायची, त्यात कुणाला काही वाटत नसे. शेतावरचे गडी धोतर, बंडी आणि साफा. साफा नुसता डोक्याला नव्हता, विहिरीवर दोर नसेल तर लोट्याला बांधायचे, दुपारी उशाला, हाटातून येताना दाणे त्यात. धुणं राखेच्या पाण्यात. साबणाची वडी दिवाळीला यायची आणि ती पाहुण्यांसाठी राखून ठेवलेली असायची.

अजून एक लिहितो, कुठेतरी नोंद राहावी म्हणून. माझी आत्या चौदाव्या वर्षी विधवा झाली. तेव्हापासून मरेपर्यंत लाल आलवण, विधवेनं नेसायचं लुगडं. बाकी बायकांची लुगडी बदलत गेली, काठ बदलले, तिला तेच. चोळी नाही. थंडीत ती पदर दोन वेळा गुंडाळून चुलीजवळ बसायची, मी लहान, मला वाटायचं आत्याला लाल रंग आवडतो. दहाएक वर्षांचा झालो तेव्हा आईने सांगितलं. ते आलवण तिच्याबरोबरच गेलं.

राऊची सून

मास्तरकाका, वाचून गलबलून आलं.

माझं साधंच आहे. सासूबाई बटाट्याच्या शेतात काम करायच्या, नऊवारीत, आणि मी त्यांना एकदा विचारलं की एवढं नऊ वार उन्हात कशाला, तर त्या म्हणाल्या पाचवारीत वाकून बघ. खरंच, कासोटा घातला की दोन्ही पाय मोकळे, उकिडवं बसा, बांधावर चढा. ओच्यात शेंगा, कनवटीला सुट्टे पैसे आणि गोठ्याची किल्ली, पदराने भांडं उतरवा, पोराचं नाक पुसा. खिसा नव्हता पण खिशाशिवाय अडतही नव्हतं. शेवटी गुडघे दुखायला लागल्यावर मॅक्सी घालायला लागल्या, तर महिनाभर हात कमरेशी जाऊन किल्ली शोधत राहायचा.

होळकरी

आम्ही धनगर, पणजोबा दख्खनेतून इकडे येऊन राहिले. घरात एक घोंगडं होतं. धनगर लोकर काढणार, सनगर विणणार, ताण्याला, म्हणजे उभ्या धाग्यांना, चिंचोक्याची खळ. नवं घोंगडं कडक, टोचतं, वर्षभर वापरलं की अंगाला बसतं. पावसात एक कोपरा दुमडून डोक्यावर खोळ करायची, पाणी वरून घरंगळतं, आत मेंढीचा वास. शेतात तेच अंथरूण, तेच पांघरूण, तेच देवाचं आसन. आमच्याकडे आता लग्नात नुसतं पाटावर टाकायला राहिलंय.

नर्मदाकाठ

ट्रंकेतल्या महेश्वरीबद्दल एक सांगू का? आज आपण ती समारंभाला नेसतो. पण ताण्याला रेशीम ही नंतरची गोष्ट, जुनी महेश्वरी सुतीच. अहिल्याबाईंनी महेश्वरला राजधानी केली, विणकर वसवले, काठ किल्ल्याच्या भिंतीवरच्या नक्षीचे, चटई, ईंट, लहर. माझी पणजी महेश्वरलाच होती, ती घाटावर धुणं धुवायला जायची ते सुती महेश्वरीतच, आणि दुसरं तसंच लुगडं दगडावर आपटत असायची.

सुदामानगर

टेरिकॉटवर कुणीच लिहिलं नाही म्हणून लिहून राहिलो. आमच्या सांवेरकडच्या गावात १९७२-७३ च्या आसपास काकांनी पहिली टेरिकॉटची पॅंट शिवली, इस्त्रीची रेघ मोडत नाही म्हणून पोरं हात लावून बघायची. पाच वर्षांत धोतर फक्त म्हाताऱ्यांना राहिलं. काकू मात्र चिडायची. म्हणायची या कापडाचं पुढे काहीच होत नाही. लंगोट करावा तर ओल शोषत नाही, गोधडीत घालावं तर थर सरकतात, पोतेरं करावं तर पाणी नुसतं पसरतं. मग ते सगळं बोहारणीला, एका पातेल्यासाठी सात-आठ कपडे. जरीच्या साड्या तर वेगळ्याच वाटेने गेल्या, जरीवाला दारावर यायचा, वजन करून न्यायचा आणि जाळून चांदी काढायचा, आमच्या आजीचे दोन शालू असेच गेले.

देपालपूरची नात

सुदामानगर यांचं वाचून उठले आणि माळ्यावरची आजीची जुनी गोधडी खाली काढली. कडेचा धावदोरा ब्लेडने उसवला, आईला धडधडत होतं. वरचा थर आईच्याच कॉलेजातल्या साडीचा. खाली धोतर, आजोबांचं, शाईचा डाग अजून आहे. त्याखाली एक मुलांच्या सदऱ्यांचा जोडून केलेला थर. आणि अगदी आत हिरवं लुगडं, बारीक काळी चौकट, बोटभर लाल काठ, मधोमध दंड घातलेला. ऊन लागलं नाही म्हणून रंग तसाच्या तसा आहे, आईने काठ बघितल्याबरोबर ओळखलं, हे विहिरीवर जायचं.

सगळे थर आता पलंगावर पसरलेत. मला वाटतंय हिरवा वेगळा काढून ठेवावा. आई म्हणते परत शिव, थंडी येऊन राहिली आहे.