विषय: एकांकिकेतला पाटील – गोरे जावई चालतील का?

मंडळी, सप्रेम नमस्कार.
पाटलाच्या भूमिकेसाठी काल वाचन झालं. सगळ्यांत चोख म्हटलं ते आपल्या अमेरिकन जावईबापूंनी. 'ळ' अजून 'ल'कडे घसरतो, पण 'चाक' आणि 'चार'मधले दोन्ही 'च' स्वच्छ. तरी दोघातिघांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "गोरा पाटील?" मतं इथेच मांडा.
– नाट्यविभाग

ताई,
त्या दोघातिघांतला एक मी. 'मिस सायगॉन' हे संगीत नाटक आठवतंय? अर्ध्या व्हिएतनामी, अर्ध्या फ्रेंच दलालाच्या भूमिकेत गोरा ब्रिटिश नट जोनाथन प्राइस! लंडनला १९८९ मध्ये डोळ्यांवर कृत्रिम पापण्या आणि कातडी रापवणारा मेकअप. १९९० मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवरच्या प्रयोगांसाठी नटांच्या संघटनेने, ॲक्टर्स इक्विटीने, त्याला नकार दिला. निर्माते मॅकिंटॉश यांनी प्रयोगच रद्द केला, आणि पंधरवड्याच्या आत इक्विटीने माघार घेतली. वर १९९१चं टोनी हे नाट्यपारितोषिक त्यालाच. तेव्हा आपण चिडलो होतो. मग आता?
– एक जुना प्रेक्षक

काका,
राग होता तो हातची भूमिका गेल्याचा. आशियाई नटांना ब्रॉडवेवर तेवढं मोठं काम मिळायचं कितीदा? इथे कुणाच्या तोंडचा घास काढतोय आपण? वाचनाला चौघे आले, त्यातले एक नुसते पत्नीला सोडायला.
आणि ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रूकचं 'महाभारत'? १९८५, फ्रान्समधलं आविन्यों. भीष्म पश्चिम आफ्रिकेतले सोतिगी कुयाते, द्रौपदी मल्लिका साराभाई, मुख्य नटसंचात त्या एकट्याच भारतीय. ब्रूकवर टीका झाली, पण ती मुख्यतः आपली कथा तिच्या मातीतून उपटून नेल्याची. आपण तर पाटील मराठीतच बोलवतोय.
खरं सांगू? लेकीला शाळेच्या नाटकात 'परदेशी पाहुणी' दिली होती. जन्म इथला, तरी बाईंनी सांगितलं, थोडा ॲक्सेंट आण. घरी येऊन म्हणाली, "आई, तू बोलतेस तसं शिकव ना." मी शिकवलं. मग भांडी घासत बसले.
– नाट्यविभाग

ताई,
हे ठाऊक नव्हतं. जावईबापूंना घ्या. पण तोंडाला तपकिरी रंग फासलात तर मी पहिल्या रांगेतून उठून जाईन.
– ए. जु. प्रे.

रंग नाही, काका. मिशी आणि फेटा, बास. 'ळ'चं तुमच्याकडे सोपवते. मंगळवारी साडेसातला या, 'बाळ, काळ, टाळ, जाळ' घोटून घ्या.